अकरम

व्हिसावर वेल्डर लिहिलं होतं,
आणि ते काही खोटं नव्हतं.
मुहर्रकच्या गोदीत पहाटे पाचला
काळी काच डोळ्यांवर ओढायची,
दोन वाजेपर्यंत जहाजांची पोटं शिवायची
आणि साडेतीनला, अंगाला जळक्या लोखंडाचा वास तसाच,
बंदरवाल्यांच्या संघात डावीकडून पळायचं.

गवत? कुठलं गवत.
धूळ बसावी म्हणून वाळूवर टँकरनं तेल मारायचे,
त्यावर रोलर. पडलं की गुडघा सोलायचा
आणि सोललेल्यात तेल भरायचं.
कोल्हापुरात पडलो तर पेठेची माती लागायची,
तांब्याभर पाण्यात निघायची.
हे निघालं नाही. बघ,
इथं, वाटीच्या खाली,
तिळाएवढं.

करार म्हणजे पाकीट.
गोदीचा पगार सही करून, खिडकीवर, रांगेत;
सामन्याचे दिनार बू राशीदच्या गाडीत,
पुढच्या सीटवर, खजुरांच्या डब्याखाली.
लीग कागदावर हौशी होती.
कागदावर मीही हौशीच.
आईच्या मनीऑर्डरीला हे माहीत नव्हतं.

उस्ताद फौझी अलेक्झांड्रियाचा. आमच्याशी हातानं बोलायचा.
तीन बोटं: मागं ये.
वळलेली मूठ: मार.
मधल्या फळीत सुदानचा इद्रिस, क्रेनवाला.
त्याला माझं कळेना, मला त्याचं,
पण मी "सोड!" म्हटलं की तो सोडायचा
बरोबर माझ्या डाव्या पायावर.
पुढं तो खार्तुमला गेला.
तिथं एखाद्या पोराला तो
अजून "सोड" म्हणत असेल.

चौऱ्याहत्तरचा फेब्रुवारी. शमाल सुटलेला,
समोरचा माणूस दिसत नव्हता.
कॉर्नर माझा.
मी मारला इद्रिसच्या डोक्यासाठी,
वाऱ्यानं मधेच उचलला, वाकवला,
त्यांचा गोलकीपर डोळ्यांतली वाळू काढेतोवर
जाळं हललं.
गोल वाऱ्याचा होता हे मला ठाऊक, वाऱ्याला ठाऊक.
रेडिओवाल्याला आकाराम कुठला जमायला,
तो घसा ताणून ओरडला, अकरम! अकरम!
रात्री मेसमध्ये एकानं अर्थ सांगितला:
सगळ्यांत दिलदार, सैल हाताचा.
त्या महिन्यात मी चहासुद्धा
एकाड एक दिवस पीत होतो.
तरी त्या रात्री सगळ्या खोलीला पाजला.
नाव लागलं तर लागलं.

मग गवत आलं.
जहाजातून, सतरंजीसारखं गुंडाळून.
त्याच्या मागोमाग दोघं ब्राझीलचे,
त्यांचा डॉक्टर, त्यांची चकचकीत पेटी.
परदेशी दोनच, असा नियम.
मी तिसरा.
फौझीनं मला बोलावलं,
बोटं दाखवली नाहीत, मूठ वळली नाही.
नुसता तळवा, उघडा.
त्याचा अर्थ त्यानं कधी शिकवला नव्हता.

पुढच्या शनिवारी गोदीत पाईप आले.
कामाच्या कागदावर: रुंदी चोवीस फूट, उंची आठ.
मी मापाकडे बघितलं आणि
मुकादमाला काही बोललो नाही.
कोपऱ्याचा टाका दोनदा मारला,
घासला, हात फिरवला,
पुन्हा घासला.
जहाजाला एवढं कोण करतं.

पहिल्या सामन्याला तिकीट काढून बसलो.
सत्तराव्या मिनिटाला त्या दोघांतल्या उंच गड्यानं
अशी काही लावली, की लोक आधीच उभे राहिले.
ठण्ण.
कोपऱ्यावर. माझ्या टाक्यावर.
चेंडू परत मैदानात.
सगळं स्टेडियम कण्हलं
आणि मी कान देऊन बसलो:
आवाज भरीव होता, कुठं पोकळ नव्हता.
टाक्यानं धरलं होतं.

गोदीतली पोरं पाठीत गुद्दे घालायला लागली,
अकरम, तुझ्यापायी गोल गेला की रे!

मी म्हटलं, माझ्यापायी कशाला?
टाच उचलून मारली त्यानं.
वितभर खाली मारायची होती.